जिच्या केसांचा मी झालो

काचेच्या पेटीत लाकडी डोक्यावर बसलेला मी एक जुना केसांचा टोप आहे, आणि मला राग आलेला आहे. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे तुम्हाला नवल वाटायला नको. जुन्या वस्तू आपली कहाणी सांगू लागल्या की गळा दाटून बोलतात, असा तुमचा अनुभव असेल. जुनी छत्री, जुने घड्याळ, जुना फळा, सगळे कसे शहाण्यासारखे बोलतात आणि शेवटी तुम्हाला आशीर्वाद देतात. मला ते जमेलसे वाटत नाही.

मित्रांनो, तुमच्यापैकी पुष्कळजण शाळेच्या सहलीत माझ्यासमोरून रांगेने गेला आहात. माझ्या पेटीवर एक पाटी आहे. हा टोप एका फार मोठ्या नटीने आपल्या गाजलेल्या सिनेमांत घातला, असे तिच्यावर लिहिले आहे. तुमच्या बाई ती मोठ्याने वाचतात, तुम्ही "बापरे, केवढे लांब" म्हणता आणि पुढच्या पेटीतली तलवार बघायला पळता. त्या पाटीवरचे एकही अक्षर खोटे नाही. तरी ती वाचली गेली की माझ्या अंगाचा तिळपापड होतो, कारण मी कुणाच्या डोक्यावर बसलो ते तिच्यावर लिहिले आहे आणि कुणाच्या डोक्यावर उगवलो ते लिहिलेले नाही.

मी जिच्या डोक्यावर उगवलो त्या मुलीला स्टुडिओत सगळे ‘नवी’ म्हणत. पहिल्या दिवशी फाटकावर कुणीतरी विचारले, ही कोण. कुणीतरी सांगितले, नवी आहे. तेच चिकटले. पुढे तिचे दहा-बारा सिनेमे झाले, तिच्यामागून आलेल्या मुली जुन्या होऊन, लग्न करून निघून गेल्या, तरी ती आपली नवीच. तिने काय काय कामे केली ते ऐका. ती नायकाची बहीण झाली आणि दुसऱ्याच प्रसंगात तापाने मेली. ती नर्स झाली आणि "डॉक्टर आले" एवढेच बोलली. नायिकेची मैत्रीण तर ती इतक्यांदा झाली, की नायक दारातून आत आला की आपण हसत हसत बाहेर जायचे, हे तिच्या पायांना पाठ झाले होते. तिचा चेहरा चांगला होता, आवाज चांगला होता, आणि काम तर त्या स्टुडिओत तिच्याइतके कुणाला येत नव्हते. पण कॅमेऱ्याला तिची पाठच जास्त ओळखीची होती, कारण पाठीवर मी होतो, गुडघ्यापर्यंत. दिग्दर्शक म्हणत, नवीला पाठमोरी उभी करा, चित्र भरून निघतं.

तिची मोठी बहीण रोज तिच्याबरोबर यायची. तिला सगळेच ताई म्हणत. आई लहानपणीच गेलेली, वडील असून नसल्यासारखे, त्यामुळे या दोघीच एका खोलीत राहत. सकाळी खिडकीशी बसवून ताई मला विंचरायची आणि बोलत राहायची. सगळं जग तुझी वेणी बघून घरी जातं, एकदा तरी तुझं तोंड बघू दे म्हणावं, असे ती म्हणायची. नवी हसण्यावारी न्यायची, पण तिला मनातून तेच हवे होते. एक काम असे मिळावे की सिनेमा सुटल्यावर लोकांना आपला चेहरा आठवावा. बंगला, मोटार, हारतुरे यांतले काही तिने कधी मागितल्याचे मी ऐकले नाही, आणि मी तिच्या डोक्यावरच होतो, तेव्हा माझ्याकडून काही लपणे शक्य नव्हते.

तसे काम एकदा आले. गोष्ट एका तुरुंगात टाकलेल्या बाईची होती. तुरुंगात तिचे लांब केस कापतात, असा त्यात प्रसंग होता, आणि दिग्दर्शकाने हट्ट धरला की केस खरेच कापायचे, कॅमेऱ्यासमोर. खोटे केस प्रेक्षकाला कळतात, असे त्याचे म्हणणे. स्टुडिओची मोठी नटी, जिला सगळे ‘मोठ्या बाई’ म्हणत, तिने साफ नकार दिला. मग दुसरीने दिला, तिसरीने दिला. केस कापून घ्यायला कुणी तयार होईना, तेव्हा कुठे स्टुडिओच्या मालकाला, म्हणजे शेठना, नवीची आठवण झाली. त्यांनी तिला खोलीत बोलावले, बसायलाही सांगितले, आणि म्हणाले, "केस दे, सिनेमा तुझा."

ताई बाहेर बाकावर बसली होती. ऐकल्यावर ती आधी नाहीच म्हणाली. एवढे वाढवायला जन्म गेला, ती म्हणाली. नवीने तिचा हात धरून सांगितले की केस परत येतात, असले काम परत येत नाही. तिचे म्हणणे चुकीचे नव्हते. माणसे चुकीची निघाली.

आता जे घडले ते नीट ऐका, कारण पुढचे सगळे त्यावर आहे. सिनेमाच्या कॅमेऱ्यात भिंगाच्या मागे एक चिमुकली चौकोनी खिडकी असते. फिल्म तिच्यापाशी येते आणि पुढे सरकते. त्या खिडकीत धुळीचा कण किंवा एखादा केस अडकला, तर पडद्यावर तो काठीएवढा दिसतो आणि सगळे चित्र वाया जाते. म्हणून शॉट संपला की कॅमेरा उघडायचा, खिडकीत डोकावून बघायचे, ‘साफ आहे’ असे मोठ्याने सांगायचे, आणि मगच पुढचे काम करायचे, असा सगळ्याच स्टुडिओंचा रिवाज होता. भाजी वाढण्याआधी मीठ चाखून बघावे, तितकी ही साधी गोष्ट. दिग्दर्शकाने तर जास्तच काळजी घेतली होती. नवीच्या दोन वेण्या घालायच्या. आधी एक कापायची. मग थांबून खिडकी बघायची. काही बिघडले असले तर दुसरी वेणी हाताशी आहे, बाजू बदलून पुन्हा घेता येईल. सगळे कसे चोख ठरले होते.

शॉट सुरू झाला. भिंतीशी एक स्टूल, त्यावर नवी, मागे कात्री घेतलेली पहारेकरीण. पहिली वेणी कापायला वेळ लागला, कारण मी जाड होतो आणि कात्री बोथट होती. नवी रडली नाही. वेणी मांडीवर पडली, तिच्या टोकाची गाठ सुटली होती. नवीने ती वेणी उचलली आणि ती सुटलेली गाठ नीट बांधली. असे करायला तिला कुणी सांगितले नव्हते. दिव्यांवरची माणसे वर शिडीवर बसून डोळे पुसू लागली. दिग्दर्शकाचे भान गेले. थांबायचे ठरले होते, तरी तो दबक्या आवाजात म्हणाला, "थांबू नका, दुसरी पण घ्या." पहारेकरणीने दुसरी घेतली. संपल्यावर टाळ्या वाजल्या, कुणीतरी नवीला मिठी मारली, कॅमेरामन स्वतः रुमालाने नाक पुसत होता. खिडकीत डोकावून बघायची कुणाला शुद्ध नव्हती.

दुसऱ्या दिवशी धुऊन आलेले चित्र पडद्यावर लावले. मी तेव्हा कापडी पिशवीत होतो. पण स्टुडिओचे टोप बनवणारे काका ते बघून आले आणि खाली मान घालून ताईला सांगू लागले. नवीच्या कपाळापासून हनुवटीपर्यंत एक केस उभा थरथरत होता. पहिल्या वेणीपासून दुसऱ्या वेणीपर्यंत, सगळाच्या सगळा वेळ. एक तुकडाही वापरण्यासारखा उरला नव्हता.

शेठ सगळ्यांदेखत म्हणाले की, हिच्याच केसाने घात केला. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती ही. मित्रांनो, तो केस माझ्यातला नव्हता. काकांनी त्याचे वर्णन केले तेव्हा मी कान देऊन ऐकले: आखूड, राठ आणि कुरळा. माझ्यात एकही कुरळा केस नाही, तुम्ही बघितलेच आहे. कॅमेरामनला दाढी होती. मी आणखी काही बोलत नाही.

मग ठरले की शॉट पुन्हा घ्यायचा. त्यासाठी त्या दोन वेण्यांचा टोप बनवायचा, नवीला तो घालायचा आणि पुन्हा कापायचे. दिग्दर्शकाचा हट्ट आता ओसरला होता. काकांनी काम हातात घेतले. आधी मला धुतले, वाळवले, मग एकेक केस सुटा करून मुळाची टोके सगळी एका बाजूला लावली, कारण उलटसुलट लागले की टोप दोन दिवसांत गुंततो. नंतर लाकडी डोक्यावर बारीक जाळी ताणून, एका आकड्याने एकेक केस त्या जाळीत ओवून गाठ मारायची. दिवसभर त्यांचे तेच चाले. नवी रोज यायची. डोक्याला रुमाल बांधून समोर स्टुलावर बसायची आणि आपले केस जाळीत कसे उगवताहेत ते बघायची. काका मधून मधून जाळी तिच्या कपाळाला लावून माप घेत. त्या दिवसांत मी खूश होतो. ज्या डोक्यावरून उतरलो त्याच डोक्यावर परत चढायला निघालो होतो ना.

मी तयार झालो त्या दिवशी शेठ खोलीत आले. बरोबर मोठ्या बाई होत्या. शेठनी मला उचलले, हातांत तोलले, आणि बाईंच्या डोक्यावर ठेवले. आरशात बघून बाईंचे डोळे चमकले. त्यांचे स्वतःचे केस विरळ होते, ही गोष्ट स्टुडिओत सगळ्यांना माहीत होती आणि कुणी बोलत नव्हते. त्यांनी विचारले, कुठून आणला. शेठनी सांगितले, परदेशातून मागवलाय खास तुमच्यासाठी.

नवी कोपऱ्यात तिच्या स्टुलावरच बसलेली होती. आता केस खरेच कापायचे नाहीत म्हटल्यावर मोठ्या बाई तयार झाल्या होत्या, आणि मोठ्या बाई तयार झाल्यावर नवी कुणाला हवी होती? गरज सरो, वैद्य मरो. बाई गेल्यावर नवीने विचारले, "शेठ, तुम्ही म्हणाला होता, केस दे, सिनेमा तुझा."

"केस दिलेस, बरोबर," शेठ म्हणाले. "सिनेमा झालाही असता. खराब झाला, त्याला मी काय करू? पुढच्या वेळी बघू."

काका आकडा पुसत राहिले. काका वाईट नव्हते, पण त्या क्षणी मला त्यांचाही राग आला आणि अजून तो पुरता गेलेला नाही.

सिनेमा मोठ्या बाईंना घेऊन झाला. केस कापण्याचा प्रसंग भिंतीवरच्या सावलीत दाखवला. माझ्यातून उरलेल्या केसांचे एक गंगावन करून ते मागे लटकवले होते, कात्री त्याच्यावर चालवली. मला धक्काही लागला नाही. बाईंनी ओक्साबोक्शी रडून घेतले. लोकांना ते फार आवडले. सिनेमा महिनोन्‌महिने चालला, आणि तेव्हापासून बाईंचे केस हा सगळ्या शहराच्या कौतुकाचा विषय झाला. मासिकांनी छापले, बायकांनी बाईंना पत्रे लिहून विचारले की केसांना काय लावता. तेलाच्या एका कंपनीने बाईंचे चित्र बाटलीवर छापले, माझ्यासकट. बाईंनी हसून मुलाखत दिली की हे आमच्या घराण्यातच आहे. आयत्या बिळावर नागोबा कसा बसतो ते मी त्या बिळात राहून पाहिले आहे. माझी इतकी स्तुती झाली, तुम्हाला वाटेल मला बरे वाटले असेल. प्रत्येक टाळीला मला ती सुटलेली गाठ बांधणारी बोटे आठवायची.

इकडे नवीची कामे आटली. त्या काळी नायिकाच काय, नायिकेची मैत्रीणसुद्धा लांब केसांचीच लागे. तिचे केस मानेपर्यंत आले होते. नेमके तेव्हाच एका दुसऱ्या स्टुडिओने तिला चाचणीला बोलावले. तिथल्या कुणीतरी ते खराब झालेले चित्र पाहिले होते आणि केसामागचा चेहरा त्याच्या लक्षात राहिला होता. काम मोठे होते. फक्त केस लांब हवे होते. नवी काकांकडे आली आणि म्हणाली, एका दिवसासाठी टोप द्या. काका म्हणाले, पोरी, मी हुकमाचा ताबेदार, शेठना विचार. ती शेठकडे गेली. शेठ म्हणाले, तो टोप उद्या तुझ्या डोक्यावर दिसला तर लोकांना कळेल की बाईंचे केस खोटे आहेत. स्टुडिओची अब्रू जाईल.

आपलेच केस एका दिवसासाठी उसने मागायला गेलेली बाई तुम्ही पाहिली आहे का? मी पाहिली आहे. रिकाम्या हाताने परतताना ती खोलीत आली, लाकडी डोक्यासमोर उभी राहिली आणि मला हात न लावता निघून गेली. त्या दुसऱ्या स्टुडिओने ते काम दुसरीला दिले.

पुढे शेठनी तिला एक काम दिले. मला वाटते, त्यांना वाटले असावे की आपण उपकार करतो आहोत. मोठ्या बाईंच्या नव्या सिनेमात ती दासी होती. महालाचा देखावा, बाई आरशासमोर बसलेल्या, मागे दासी उभी राहून त्यांचे केस विंचरते आहे. आणि या वेळी दासीचा चेहरा आरशात दिसणार होता. अखेर तिचा चेहरा पडद्यावर येणार होता, माझ्या मागून. तिला वाक्यही होते: "देवानं काय केस दिलेत तुम्हाला, बाईसाहेब."

तिने कंगवा घेतला. इतक्या वर्षांनी तिचा हात माझ्यातून फिरला. मी दोन्हीकडे होतो, मित्रांनो. ज्या डोक्यावर बसलो होतो तिकडे आणि ज्या हाताने मला वाढवले तिकडे. तालमीत ती वाक्य म्हणू शकली नाही. प्रत्येक वेळी ती ‘देवानं’पाशी अडायची. दिग्दर्शक चिडला. मोठ्या बाई आरशातून बघत म्हणाल्या, हिला एवढेही बोलता येत नाही, दुसरी कुणी नाही का? दिग्दर्शकाने नवीला समजावले की केस म्हणजे बाईंचा जीव की प्राण आहे, जपून विंचर, आणि कौतुक मनापासून कर. मनापासून! हा शब्द त्याने वापरला.

दिवे लागले, कॅमेरा सुरू झाला. नवीने कंगवा शेवटपर्यंत नेला, आरशात बाईंच्या नजरेला नजर दिली आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, "देवानं नाही, बाईसाहेब. मी दिलेत."

कुणाला काही कळायच्या आत तिने माझ्या पिना एकेक करून काढल्या. झटापट नाही, ओढाताण नाही. कपाळाचा गोंद तिने नखाने हलकेच सोडवला, बाईंना दुखू दिले नाही. मग मला दोन्ही हातांनी उचलले. बाईंनी दोन्ही हातांनी डोके झाकले. मोठ्या बाई त्या क्षणी फार लहान दिसल्या, आणि मला त्यांचीही जराशी दया आली. कारण मी परदेशातून आलोय असेच त्यांना तोवर वाटत होते. जराशीच आली. वर शिडीवरून कुणीतरी फसकन हसले.

मला हातांत धरून नवी चालू लागली. दिव्यांमधून, तारांवरून, दारातून बाहेर, पटांगण ओलांडून सरळ फाटकापर्यंत. फाटकावरच्या पहारेकऱ्याने काठी आडवी घातली. स्टुडिओचे सामान बाहेर न्यायचे नाही, असा नियम होता, आणि तो नियम पाळण्यासाठीच त्याला ठेवले होते. त्याने तिला तो ऐकवला. तेव्हा नवीने दासीच्या वेषातला डोक्याचा रुमाल सोडला आणि मला आपल्या डोक्यावर घातले.

मापाचा होतो मी. काकांनी मला तिच्याच कपाळावर मापून बनवले होते. पिना नव्हत्या, गोंद नव्हता, तरी मी हललो नाही. तिने पहारेकऱ्याला विचारले, "आता? डोक्यावरचे केस पण काढून ठेवायचे का?"

पहारेकऱ्याची काठी खाली आली. तो बिचारा बाजूला होणारच होता. एवढ्यात शेठ धापा टाकत पोचले, मागून निम्मा स्टुडिओ. शेठ म्हणाले, "काढ तो टोप."

"त्या दिवशी कात्री आणली होतीत," नवी म्हणाली. "आज पण आणा."

शेठनी कात्री मागवली नाही. त्यांनी पुढे होऊन स्वतःच्या हाताने मला तिच्या डोक्यावरून उपटले. भरदिवसा, सगळ्यांदेखत. इतकी माणसे उभी होती. काका होते, दिग्दर्शक होता, तो दाढीवाला कॅमेरामन होता. त्या पहिल्या शॉटला याच माणसांनी टाळ्या वाजवल्या होत्या. आता एकहीजण पुढे आला नाही. नवी फाटकातून बाहेर गेली. रुमाल तिने तिथेच टाकला. तिला पुन्हा कुठल्या स्टुडिओने बोलावले नाही. बाईच्या डोक्याला हात घालणारी, असे तिचे नाव झाले. आणि तिच्या डोक्याला कुणी हात घातला, ते कुणाच्या लक्षात राहिले नाही.

त्यानंतर मी मोठ्या बाईंच्या डोक्यावर आणखी काही सिनेमे काढले. ताई एकदा काकांना भेटायला आली होती, तिच्याकडून कळले की नवी एका चष्म्याच्या दुकानात लागली आहे. गिऱ्हाइकांसमोर आरसा धरते. केस वाढू देत नाही, जरा वाढले की स्वतःच कापते. लांब केले तर कुणीतरी मागायला येईल, असे ती ताईला म्हणाली होती.

पुढे मोठ्या बाई थकल्या, शेठ गेले, स्टुडिओ बंद पडला. मी पत्र्याच्या पेटीत, जोडे आणि खोट्या दाढ्यांच्या खाली पडून राहिलो. एका कोपऱ्यात मला कसर लागली. तो काळ मला तितका वाईट गेला नाही, कारण पेटीत कुणी माझी खोटी स्तुती करत नव्हते. मग एक दिवस पेटी उघडली, मला झटकले, धुतले, दुरुस्त केले आणि या संग्रहालयात आणून ठेवले.

आणि मग एक दिवस ती आली. आता तिला आजी म्हणायचे वय झाले होते. केस पांढरे आणि आखूड. तिने पाटी वाचली, पुन्हा वाचली, आणि संग्रहालय सांभाळणाऱ्या मॅडमना बोलावून घेतले. त्या मॅडम शिकलेल्या, सभ्य, मऊ बोलणाऱ्या. नवी त्यांना म्हणाली की हे केस माझे आहेत, पाटी बदला. मॅडमनी तिला खुर्ची दिली, पाणी दिले, सगळे ऐकून घेतले. मग म्हणाल्या, "आजी, काही पुरावा आहे का? एखादा फोटो, ज्यात हे केस पण दिसतात आणि तुमचा चेहरा पण?"

तसा फोटो कुठून असणार? ते एक चित्र तेवढे होते, ते केव्हाच भंगारात गेले. नवी म्हणाली, "पुरावा तुम्ही काचेत ठेवलाय. माझ्याकडे नुसतं डोकं उरलंय."

मॅडमनी वहीत काहीतरी टिपून घेतले. त्यांना ते पटले असावे, पण पटणे आणि पाटीवर लिहिणे यांत फरक असतो म्हणे. काही दिवसांनी नवी पुन्हा आली तेव्हा पाटीवर एक ओळ वाढली होती: ‘अस्सल मानवी केस’. नवीने ती वाचली. मला वाटले ती आता काच फोडेल, आणि फोडली असती तर मला आनंदच झाला असता. ती मॅडमना म्हणाली, "बरं झालं. घोड्याचे आहेत असं तरी नाही लिहिलंत."

मित्रांनो, अशा कहाणीच्या शेवटी आम्ही जुन्या वस्तू हात जोडून सांगतो की आम्हाला जपा. मला जपायला सांगू नका कुणाला. मला कसर लागणार नाही म्हणून औषध ठेवले आहे, ऊन लागू नये म्हणून पडदे आहेत, उन्हाळ्यात माझ्यासाठी वेगळी गार हवा सोडतात. माझ्या केसाला धक्का लागत नाही. माझी इतकी काळजी घेतात की मला लाज वाटते.

ती अजूनही येते. तिकीट काढून येते. दोरीच्या मागे उभी राहते, हातात पिशवी असते. तुमची रांग आली की पहारेकरी म्हणतो, आजी, जरा मागे व्हा, मुलांना बघू द्या. आणि ती मागे होते. सगळा जन्म तिला हेच सांगण्यात आले आणि प्रत्येक वेळी मी हे बघत बसलो, कारण टोपाला तोंड नसते. तुम्हाला आहे. पुढच्या वेळी पांढऱ्या आखूड केसांची एक म्हातारी बाई तुमच्या मागे उभी दिसली, तर पहारेकऱ्याला सांगा की आम्ही थांबतो, आणि तिला काचेपर्यंत येऊ द्या.